‘कॉपर फवारा’ म्हणजे नेमके काय फवारा?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

पावसाळ्याच्या तोंडावर आणि पुन्हा द्राक्षाच्या ऑक्टोबर छाटणीच्या सुमारास मराठी वृत्तपत्रांच्या शेतीच्या पानांवर एक वाक्य हमखास येते: ‘रोग टाळण्यासाठी कॉपरची फवारणी करावी.’ कधी कधी ‘एक टक्का कॉपर सल्फेट फवारावे’ असेही छापले जाते. पहिल्या वाक्यातून काही बोध होत नाही, आणि दुसरे शब्दशः पाळले तर बाग करपते. म्हणून या पदार्थांच्या नावांबद्दल थोडे सविस्तर लिहीत आहोत.

कॉपर म्हणजे तांबे. पंपात कोणी तांबे घालत नाही, तांब्याची संयुगे घालतात, आणि ती एकमेकांच्या जागी चालत नाहीत. आपल्याकडच्या बागांत मुख्यतः तीन नावांशी संबंध येतो. मोरचूद, म्हणजे कॉपर सल्फेटचे निळे खडे. बोर्डो मिश्रण, म्हणजे मोरचूद आणि चुना यांच्यापासून शेतातच तयार केलेले आकाशी रंगाचे द्रावण. आणि कॉपर ऑक्सिक्लोराईड, म्हणजे दुकानात पुड्यात मिळणारी फिकट हिरवट-निळी भुकटी. दुकानात जाऊन नुसते ‘कॉपर द्या’ म्हटले तर बहुधा हे तिसरे हातात पडते. वाचलेला सल्ला बोर्डोचा असतो, आणलेली भुकटी ऑक्सिक्लोराईडची असते, आणि प्रमाण मोरचुदाचे घातले जाते.

‘मोरचूद’ हा शब्द मात्र जपावा असा आहे. त्यातला मोर रंगामुळे आला आहे. संस्कृतात याच पदार्थाला तुत्थ म्हणतात, आणि रसशास्त्रात त्याचे आणखी एक नाव आहे शिखिग्रीव, म्हणजे मोराच्या मानेसारखे. हिंदीत नीला थोथा किंवा तूतिया. इंग्रजीतल्या जुन्या ‘ब्ल्यू व्हिट्रिऑल’मध्ये काचेसाठीचा लॅटिन शब्द आहे, कारण खडे काचेसारखे चमकतात. त्याच घराण्यातले ‘ग्रीन व्हिट्रिऑल’ म्हणजे आपले हिराकस, लोहाचे सल्फेट. हे नाते लक्षात ठेवण्यासारखे आहे, कारण मोरचुदात भेसळ होते ती बहुधा हिराकसाचीच.

रसायनाच्या भाषेत मोरचूद म्हणजे कॉपर सल्फेटच्या एका रेणूबरोबर पाण्याचे पाच रेणू बांधलेला स्फटिक. वजनाने त्यात सुमारे 25.5 टक्के तांबे आणि 36 टक्के पाणी असते. शाळेच्या प्रयोगशाळेत परीक्षानळीत खडा तापवला की पाणी उडून पांढरी भुकटी उरते, आणि तिच्यावर थेंबभर पाणी टाकले की ती पुन्हा निळी होते. खड्यांवर उन्हाळ्यात पांढुरकी बुरशी आल्यासारखी दिसते तीही हीच पाणी गमावलेली भुकटी. माल त्याने खराब झालेला नसतो, उलट वजनाला थोडा जास्त तीव्र झालेला असतो. पूर्ण निर्जल भुकटी वापरायची वेळ आलीच तर 640 ग्रॅममध्ये 1 किलो मोरचुदाइतके तांबे येते. खडे मात्र निळे सोडून हिरवट दिसत असतील तर हिराकसाचा संशय घ्यावा. चिमूटभर खडा पाण्यात विरघळवून त्यात अमोनियाचे द्रावण घालत जावे. तांबे आधी फिकट गाळ देते आणि जास्त अमोनियात पुन्हा विरघळून गर्द निळे, स्वच्छ होते. लोह असेल तर तळाशी हिरवट किंवा गंजासारखा गाळ तसाच राहतो.

आता ‘बोर्डो’. हे फ्रान्समधल्या बोर्दो शहराचे नाव. अमेरिकेतून आलेला द्राक्षाचा केवडा, म्हणजे डाऊनी, 1878 च्या सुमारास फ्रान्समध्ये पोचला आणि द्राक्षमळे ओस पडू लागले. बोर्दो विद्यापीठातले वनस्पतिशास्त्रज्ञ पिएर मिलार्दे यांना 1882 मध्ये मेदोक भागात रस्त्याकडेच्या काही वेलींची पाने टवटवीत दिसली. चोरांनी द्राक्षे तोडू नयेत म्हणून मळेवाल्यांनी त्या वेलींवर मोरचूद आणि चुन्याचे निळे पाणी शिंपडले होते. रसायनतज्ज्ञ युलिस गेयाँ यांच्याबरोबर प्रयोग करून मिलार्दे यांनी 1885 मध्ये कृती प्रसिद्ध केली. आपल्या शेजारी, म्हैसूर संस्थानात, शास्त्रज्ञ लेस्ली कोलमन यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सुपारीच्या कोळेरोगावर, म्हणजे पावसाळ्यात फळे कुजून गळतात त्या रोगावर, बोर्डो वापरून दाखवले. कोकण-गोव्यातल्या सुपारीच्या बागांत आजही त्या रोगावर तोच मुख्य उपाय आहे. विदर्भात संत्र्याच्या डिंक्यासाठी (खोडातून डिंक गळण्याचा रोग) खोडाला लावतात ती बोर्डो पेस्ट, आणि डाळिंबावरच्या तेल्यासाठी (तेलकट डागांचा रोग) छाटणीनंतर फवारतात तेही बोर्डोच.

चुना कशाला लागतो, हे ‘कॉपर सल्फेट फवारा’ असे लिहिणाऱ्याने समजून घेतले पाहिजे. मोरचुदाचे नुसते पाणी आम्लधर्मी असते, सामू (पीएच) साधारण चारच्या आसपास. त्यातले सगळे तांबे विरघळलेल्या रूपात मोकळे असते. ते बुरशीच्या बीजाणूंना मारते तसेच पानाच्या पेशींनाही मारते. दोन दिवसांत पानांच्या कडा तपकिरी होतात, कोवळी फूट काळी पडते, फळांवर डाग येतात. चुना मिसळला की तांब्याचा अतिशय बारीक, न विरघळणारा निळा साका तयार होतो. तो पानावर चिकटून बसतो आणि दव-पावसाच्या पाण्यात अगदी थोडे थोडे तांबे सोडत राहतो. बीजाणू मरायला तेवढे पुरते, पान करपायला पुरत नाही. म्हणजे मोरचूद हा कच्चा माल आणि बोर्डो हे औषध. कच्च्या मालाचे नाव औषधाच्या जागी छापणे ही साधी शब्दांची चूक राहत नाही.

‘एक टक्का’ या शब्दाचाही असाच घोळ आहे. एक टक्का बोर्डो म्हणजे 100 लिटर मिश्रणात 1 किलो मोरचूद. टक्का मोरचुदाचा आहे, तांब्याचा नव्हे. तांब्याच्या हिशेबाने ते लिटरला अडीच ग्रॅम होते. कॉपर ऑक्सिक्लोराईडच्या पुड्यावर ‘50 टक्के’ लिहिलेले असते ते मात्र तांब्याचे प्रमाण, आणि त्याची नेहमीची मात्रा 10 लिटरला 25 ते 30 ग्रॅम. ‘एक टक्का कॉपर’ वाचून कोणी 10 लिटरला 100 ग्रॅम ऑक्सिक्लोराईड घातले तर तिप्पट-चौपट मात्रा जाते. उलट ‘30 ग्रॅम कॉपर’ वाचून 30 ग्रॅम मोरचूद नुसत्या पाण्यात घातले तर पाने भाजतात. म्हणून कृपया टक्क्याबरोबर नेहमी ‘10 लिटरला इतके ग्रॅम’ असे छापावे. पाठीवरचा पंप असो की 200 लिटरचा ड्रम, शेतकरी तिथून पुढचा हिशेब स्वतः करतो.

आणि आता सगळ्यात जास्त नुकसान करणारा शब्द: ‘चुन्याची निवळी’. बोर्डोच्या कृतीत हा शब्द वर्षानुवर्षे छापला जात आहे. निवळी म्हणजे चुना खाली बसल्यावर वर राहिलेले स्वच्छ पाणी. चुना पाण्यात फार कमी विरघळतो, लिटरला दीड-पावणेदोन ग्रॅम. म्हणजे 50 लिटर निवळीत जेमतेम 80 ग्रॅम चुना. 1 किलो मोरचुदाचे आम्ल पूर्ण मारायला विरलेला शुद्ध चुना सुमारे 300 ग्रॅम लागतो. जो शब्दशः निवळी वापरेल त्याचे मिश्रण आम्लधर्मीच राहणार आणि बाग करपणार. हवे आहे ते चुन्याचे दूध: ढवळून पांढरेफटक केलेले आणि गाळलेले पाणी.

चुन्याच्या इतर नावांतही गफलत होते. चुनखडी हा दगड आहे, भट्टीत भाजण्यापूर्वीचा. त्याची पूड कितीही घातली तरी चुन्याचे काम करत नाही. भाजल्यावर होतो तो कळीचा चुना. कोकणात शिंपले भाजून करतात तोही हाच. पाण्यात टाकल्यावर तो फुगतो, गरम होतो, वाफा येतात. मग होतो विरलेला चुना. 1 किलो कळीच्या चुन्याच्या जागी विरलेला, कोरडा चुना साधारण 1.3 किलो लागतो. गोणीत वर्षभर पडून हवा खाल्लेला चुना मात्र पुन्हा चुनखडीच्या वाटेला लागलेला असतो. पाण्यात टाकल्यावर कळीचा खडा गरमच झाला नाही, तर तो घेऊ नये. कागदावरच्या हिशेबाने 1 किलो मोरचुदाला शुद्ध कळीचा चुना 225 ग्रॅमच पुरतो. तरीही कृतीत 1 किलो सांगतात तो बाजारातल्या चुन्याची खात्री नसते म्हणून, आणि मिश्रण थोडे अल्कधर्मी राहावे म्हणून. द्राक्षबागायतदार चांगला चुना पारखून कमी घालतात आणि सामू मोजून थांबतात, ते योग्यच आहे. चुना फार झाला तर तांबे सुटायला उशीर होतो.

कृती अशी. 1 किलो मोरचूद बारीक करून गोणपाटाच्या पुरचुंडीत बांधावे आणि 50 लिटर पाण्याच्या पिंपात, पृष्ठभागाच्या जरा खाली बुडेल असे लोंबकळत ठेवावे. विरघळलेले निळे पाणी जड असते, ते तळाला जाते आणि पुरचुंडीला ताजे पाणी मिळत राहते. खडे थेट तळाशी टाकले तर तासन्‌तास तसेच पडून राहतात. पिंप प्लॅस्टिकचे हवे. लोखंडी किंवा पत्र्याच्या पिंपात लोखंड विरघळते आणि तांबे पिंपाच्या आतल्या अंगावर बसते, म्हणजे औषध तिथेच संपले. दुसऱ्या भांड्यात 1 किलो कळीच्या चुन्यावर थोडे थोडे पाणी शिंपडून तो विरवावा, लापशीसारखा झाल्यावर पाणी वाढवून 50 लिटर करावे आणि फडक्यातून गाळावे. न गाळलेल्या चुन्यातली कणी नोझलमध्ये अडकते. चुना पूर्ण थंड होऊ द्यावा. मग मोरचुदाचे पाणी चुन्याच्या दुधात बारीक धारेने ओतावे, सतत लाकडी काठीने ढवळत. किंवा दोन माणसांनी दोन्ही पाणी एकाच वेळी तिसऱ्या पिंपात सोडावे. थोड्या पाण्यात दोन्ही घट्ट करून एकत्र करायचे आणि नंतर पाणी वाढवायचे, हा आळस करू नये. त्यात साका जाड पडतो, लवकर खाली बसतो आणि पानाला धरत नाही. पेस्ट मुद्दाम घट्ट करतात, 10 लिटर पाण्यात दोन्ही 1-1 किलो. ती खोडाला लावायची असते, फवारायची नाही.

नंतर परीक्षा. घासून चकचकीत केलेले लोखंडी पाते मिनिटभर मिश्रणात धरावे. त्यावर तांबूस थर आला तर मिश्रण आम्लधर्मी आहे, चुन्याचे दूध आणखी घालावे आणि पुन्हा पाहावे. इथे अलीकडे एक फसगत होते. घरातली सुरी आता स्टेनलेस स्टीलची असते. तिच्यावर थर येत नाही आणि मिश्रण ठीक आहे असे वाटते. जुना विळा, कोयता किंवा गंज काढलेला साधा खिळा घ्यावा. जस्ताचा मुलामा असलेला खिळाही नको. निळा लिटमस कागद लाल होऊ नये, हा आणखी सोपा पुरावा.

तयार मिश्रण त्याच दिवशी संपवावे. दुसऱ्या दिवशी त्याचे कण मोठे होतात आणि चिकटण्याचा गुण जातो. त्यात दुसरी कीटकनाशके-बुरशीनाशके मिसळू नयेत, अल्कधर्मी पाण्यात त्यांपैकी बरीचशी निकामी होतात. ढगाळ, गार, पाने वाळणार नाहीत अशा हवेत फवारू नये. आणि बोर्डो रोग बरा करत नाही, रोखतो. सुपारीवर पहिला हात पाऊस सुरू होण्याआधीच बसला पाहिजे, कोळेरोगाने फळे गळू लागल्यावर नव्हे.

तांबे जमिनीत नाहीसे होत नाही, साचते. म्हणूनच युरोपीय संघाने हेक्टरी सात वर्षांत 28 किलो तांब्याची मर्यादा घातली आहे. उरलेले पाणी विहिरीकडे किंवा तळ्याकडे सोडू नये, मासे मरतात. मोरचूद तुरटीच्या शेजारी फडताळात ठेवू नये. ते पोटात गेल्यास उलटी करवण्याच्या भानगडीत न पडता लगेच रुग्णालयात न्यावे आणि डॉक्टरांना ‘निळे औषध’ असे न सांगता ‘मोरचूद, कॉपर सल्फेट’ अशी दोन्ही नावे सांगावीत. पुडा हाती असेल तर सोबत न्यावा.

आपल्याकडे विनंती एवढीच, की शेतीच्या सल्ल्यात नुसते ‘कॉपर’ कधीही छापू नये आणि बोर्डोच्या कृतीतून ‘निवळी’ हा शब्द काढावा. सुपारीसाठीचा मजकूर, उदाहरणार्थ, असा देता येईल: ‘पाऊस सुरू होण्यापूर्वी घोसांवर 1 टक्का बोर्डो मिश्रण (10 लिटरसाठी मोरचूद 100 ग्रॅम आणि कळीचा चुना 100 ग्रॅम, लोखंडी पात्याने तपासून) फवारावे. दुसरी फवारणी 40 ते 45 दिवसांनी, उघडीप पाहून.’ सध्याच्या वाक्यापेक्षा तीन ओळी जास्त लागतील.

कळावे,
आपले,
कृषी रसायनशास्त्राचे दोन निवृत्त अध्यापक, सिंधुदुर्ग