पंचमध्ये वाइन सर्वांत शेवटी

माननीय संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या वृत्तपत्राच्या गेल्या रविवारच्या पुरवणीत नाताळ आणि वर्षअखेरीच्या मेजवान्यांसाठी स्पार्कलिंग, म्हणजे बुडबुडे येणाऱ्या वाइनच्या पंचची (वाइनमध्ये फळांचा रस, साखर आणि सोडा मिसळून केलेल्या पेयाची) जी कृती छापून आली आहे, तिच्यातील एका वाक्याबद्दल हे पत्र लिहीत आहे. सर्व साहित्य दुपारीच मोठ्या भांड्यात एकत्र करून संध्याकाळपर्यंत मुरत ठेवावे, असे त्या वाक्यात सांगितले आहे. फळे मुरतात, मसाला मुरतो, साखरेत संत्र्याची साल मुरते. स्पार्कलिंग वाइन मात्र मुरवायची वस्तू नाही. आपली पुरवणी कात्रण काढून स्वयंपाकघरात चिकटवून ठेवणारे वाचक पुष्कळ आहेत, आणि त्यांतील अनेक जण यंदा हा पंच घरी पहिल्यांदाच करतील. म्हणून ती दुरुस्ती ३१ डिसेंबरपूर्वी व्हावी, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

दक्षिण मुंबईतील एका हॉटेलाच्या बँक्वेट विभागात मी एकतीस वर्षे नोकरी केली आणि त्यांतील बहुतेक वर्षी डिसेंबरचा शेवटचा आठवडा पंचच्या भांड्यामागे उभा राहून काढला. तिथे शिकवलेला पहिला नियम असा, की वाइन भांड्यात सर्वांत शेवटी पडते, आणि तीही पाहुणे टेबलाशी आल्यावर. हा नियम केवळ चवीसाठी आहे, असेच मी कितीतरी वर्षे समजत होतो. तो पाहुण्यांच्या सुरक्षिततेसाठीही तितकाच आहे, हे मला निवृत्तीनंतर स्वतःच्या सोसायटीच्या गच्चीवर कळले.

आधी चवीचे सांगतो. स्पार्कलिंग वाइनमधले बुडबुडे म्हणजे वाइन दुसऱ्यांदा आंबवताना तयार झालेला आणि बंद बाटलीत किंवा टाकीत कोंडून ठेवलेला कार्बन डायऑक्साइड. पारंपरिक पद्धतीने, म्हणजे बाटलीतच आंबवलेल्या वाइनमध्ये हा दाब पाच ते सहा वातावरणांइतका, मोटारीच्या टायरमधल्या दाबाच्या दुपटीहून अधिक असतो. म्हणूनच तिच्या बुचाला तारेची जाळी बांधलेली असते. बूच निघाले की वायूला वाट मोकळी होते, आणि तो किती लवकर निघून जाईल हे मुख्यतः थंडाव्यावर ठरते. पाच अंश सेल्सिअसला पाण्यात जेवढा कार्बन डायऑक्साइड विरघळून राहतो, त्याच्या निम्माही तीस अंशांना राहत नाही, आणि आपल्या मुंबईत डिसेंबरातल्या दुपारीही पारा तिशी ओलांडतो. दुपारी उघडून रुंद तोंडाच्या भांड्यात ओतलेली वाइन रात्री नऊ वाजता पेल्यात येते तेव्हा तिच्यात आंबटपणा तेवढा शिल्लक असतो. त्यात साखरेचे कोरडे दाणे पडले तर फेस भसकन वर चढतो. पाहणाऱ्याला ते आवडते, पण भांड्यातला जीव त्या दोन मिनिटांतच निघून जातो.

आमच्या गच्चीवर काही वर्षांपूर्वी नेमके हेच झाले. केटररने पाच वाजताच सगळे मिसळून ठेवले होते. नऊच्या सुमारास पंच अगदी मिळमिळीत लागतो, अशी कोणीतरी तक्रार केली, तेव्हा केटररच्या माणसाने टेबलाखालून व्होडकाची अख्खी बाटली काढून भांड्यात रिकामी केली, वर सोडा ओतला आणि डावाने सगळे ढवळले. मी दहा पावलांवर होतो, पण त्याने काय ओतले हे मला फार उशिरा उमगले. व्होडकाला वास जवळजवळ नसतो आणि संत्र्याच्या गोड रसात तिची चवही लपते. आमच्या मजल्यावरच्या सत्तरी ओलांडलेल्या काकूंनी सरबत समजून दोन पेले घेतले आणि जिना उतरताना त्यांचा तोल गेला. मोडलेले मनगट दीड महिन्यात जुळले. पण जन्मात कधी दारूला न शिवलेल्या आपल्याला ती न सांगता पाजली गेली, हे त्यांना आजही सलते. मलाही सलते, कारण त्या गच्चीवर हे काम जाणणारा मीच एकटा होतो.

त्या बाटलीने काय केले, ते आकड्यांत पाहिले म्हणजे लक्षात येते. स्पार्कलिंग वाइनमध्ये साधारण १२ टक्के मद्यार्क असतो. ७५० मिलिलिटरच्या दोन बाटल्या, एक लिटर फळांचा रस व पाक आणि अर्धा लिटर सोडा मिळून तीन लिटर पंच होतो आणि त्यात मद्यार्काचे प्रमाण ६ टक्क्यांवर येते. त्यातून १५० मिलिलिटरचे वीस पेले निघतात. भारतात बनणाऱ्या ब्रँडी, रम किंवा व्होडकात साधारणपणे ४२.८ टक्के मद्यार्क असतो. त्यामुळे याच पंचमध्ये ब्रँडीची एक क्वार्टर, म्हणजे १८० मिलिलिटर ओतली की प्रमाण ८ टक्क्यांवर जाते. आणि अख्खी ७५० मिलिलिटरची बाटली ओतली तर ते १३ टक्क्यांच्या पुढे जाते, म्हणजे रस आणि सोडा घालून सौम्य केलेला पंच मूळ वाइनपेक्षाही कडक होतो. रंग तोच राहतो, चवही जवळपास तीच राहते. पुरवणीतील कृतीत 'आवडीनुसार ब्रँडी' एवढेच लिहिले आहे; तिथे माप लिहायला हवे होते.

आता खरी मेहनत कशात आहे ते सांगतो. डझनभर नागपुरी संत्र्यांपैकी चार संत्र्यांची आणि सहा लिंबांची साल आदल्या रात्री धारदार सुरीने इतकी पातळ काढावी, की आतला पांढरा भाग तिच्याबरोबर येणार नाही, कारण कडूपणा त्या पांढऱ्या भागात असतो. ही साल १५० ग्रॅम साखरेत घालून लाकडी दट्ट्याने हलकेच चेपावी आणि झाकण ठेवून रात्रभर तशीच राहू द्यावी. सकाळी झाकण काढले की कोरडी साखर ओल्या वाळूसारखी झालेली दिसते, सालीच्या कडा आत वळलेल्या असतात आणि तो वास सगळ्या घरात पसरतो. सालीतले तेल साखरेने ओढून घेतलेले असते, आणि बाटलीतल्या कोणत्याही इसेन्सला तो सुगंध साधत नाही. दीडशे मिलिलिटर गरम पाण्यात ही साखर विरघळवून साल गाळून टाकावी. पाक पूर्ण गार झाल्यावर त्यात संत्र्यांचा सहाशे मिलिलिटर ताजा रस आणि लिंबांचा सव्वाशे मिलिलिटर रस मिसळला की जवळपास लिटरभर आंबटगोड अर्क तयार होतो. हवे तर आल्याचा चमचाभर रस घालावा. दालचिनी घालायची तर ती पाकातच उकळावी. हा अर्क खुशाल दुपारी करून फ्रीजमध्ये ठेवावा.

या अर्कात मद्याचा थेंबही नाही, हा या पद्धतीचा सर्वांत मोठा लाभ आहे, आणि नेमका तोच पुरवणीतील कृतीने घालवला आहे. वाइन शेवटी ओतायची असल्यामुळे त्याच अर्काचे दोन भाग करता येतात. एका भांड्यात वाइन आणि थोडा सोडा पडेल, दुसऱ्यात फक्त थंड सोडा. मुले, न पिणारी माणसे, औषधे चालू असलेले वडीलधारे आणि ज्यांना गाडी चालवत घरी जायचे आहे ते, या सगळ्यांना तीच मेहनतीची चव मिळते. त्यांच्या हातात कोपऱ्यातल्या कोल्ड्रिंकची बाटली ठेवावी लागत नाही. दोन्ही भांड्यांपुढे ठळक अक्षरांत पाटी असावी, आणि दोन्हींतली फळे वेगळी असावीत: वाइनच्या भांड्यात महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी घातली, तर दुसऱ्यात डाळिंबाचे दाणे घालावेत, म्हणजे पेला हातात घेतलेल्यालाही ओळख पटते. मोटार वाहन कायद्याने चालकाच्या १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम एवढीच मद्यार्काची मर्यादा ठेवली आहे, आणि ३१ डिसेंबरच्या रात्री मुंबईत नाक्यानाक्यावर नाकाबंदी असते. आपण काय प्यायलो हेच ज्याला ठाऊक नाही, त्याने ती मर्यादा पाळायची कशी?

बर्फाचे छोटे खडे भांड्यात टाकू नयेत. ते भराभर वितळतात आणि अर्ध्या तासात पंच पाणचट करतात. स्टीलच्या गोल डब्यात आदल्या दिवशी पाणी गोठवून केलेली एकच लादी भांड्यात सोडावी. ती बराच वेळ तग धरते. वाइनच्या बाटल्या निदान चार तास फ्रीजमध्ये आडव्या असाव्यात, फ्रीजरमध्ये कधीही नसाव्यात. बाटली उघडताना तोंड माणसांकडे नसावे. जाळी सैल केल्यापासून अंगठा बुचावरून हलू देऊ नये, आणि बूच घट्ट धरून बाटली फिरवावी, म्हणजे ते सुस्कारा टाकल्यासारखे निघते. धडाक्याने उडवलेले बूच डोळ्याला कायमची इजा करू शकते. वाइन भांड्याच्या कडेने हळूहळू ओतावी आणि डाव तळातून एकदाच वर आणावा. दुसरी बाटली पहिले भांडे निम्मे उतरल्यावर उघडावी.

एक सूचना भांड्याबद्दल. माळ्यावरचे आजीचे पितळी घंगाळ अशा वेळी काढण्याचा मोह अनेक घरांत होतो. कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेत लिंबाचा रस तासन् तास राहिला तर तांब्याचा अंश उतरतो आणि मळमळ, उलट्या होऊ शकतात. काच किंवा स्टेनलेस स्टील हेच योग्य.

वाइन महागडी फ्रेंच शॅम्पेनच हवी, असा समज कोणी करून घेऊ नये. पंचमध्ये तिचे बारकावे संत्र्याखाली दबून जातात. आपल्या नाशिक जिल्ह्यात उत्तम स्पार्कलिंग वाइन होते. त्याही आधी, १९८० च्या दशकात, पुणे जिल्ह्यातील नारायणगावला श्याम चौगुले यांनी ती करून परदेशी पाठवली होती. लेबलवर 'ब्रूट' लिहिलेली, म्हणजे कमी साखरेची वाइन घ्यावी, कारण गोडवा अर्कात आहेच.

पंच हे विलायती खूळ आहे, असेही एका वाचकाने आपल्याला लिहिलेले मी वाचले. तो शब्द आपल्याच 'पंच' म्हणजे पाच या शब्दावरून, पाच जिन्नसांवरून गेला, असे सामान्यतः मानले जाते. परदेशी बारटेंडरांच्या जुन्या कृतींत ब्रँडी, शेरी आणि शॅम्पेनचा 'बॉम्बे पंच' आजही आढळतो. आपल्या मुंबईतल्या ईस्ट इंडियन ख्रिस्ती बांधवांचे खिमाड हे मसाल्याचे गरम मद्यपेय तर लग्नाकार्यांत आजही होते. पण या पत्राच्या दृष्टीने मला सर्वांत मोलाचा वाटतो तो १६९४ मधला मुंबई सरकारचा हुकूम. पंच प्यायला खाणावळीत आलेल्या गिऱ्हाइकाने एक क्वार्ट (साधारण लिटरभर) चांगली गोव्याची अराक नावाची दारू, अर्धा पौंड साखर आणि अर्धा पाइंट लिंबाचा रस मागून घ्यावा आणि आपला पंच आपण करावा, असे त्यात म्हटले होते. भांड्यावर बाजार-कारकुनाची मोहोर नसेल, तर ते भांडे खुशाल फोडावे आणि भांड्याचे वा पंचचे पैसेही देऊ नयेत, असेही त्यात होते. पिणाऱ्याला काय आणि किती हे ठाऊक असण्याचा हक्क या शहरात तीनशे वर्षांपूर्वी लेखी दिला गेला होता.

तेव्हा, महोदय, येत्या रविवारच्या पुरवणीत त्या कृतीची दुरुस्ती छापावी: वाइन शेवटी ओतावी, ब्रँडी घालायचीच असेल तर तिचे माप मिलिलिटरमध्ये द्यावे, एकूण पेले किती होतात आणि मद्यार्क किती टक्के राहतो हे लिहावे, आणि शेजारी बिनदारूच्या भांड्याची कृतीही तितक्याच ठळक अक्षरांत द्यावी. वर दिलेली मापे आपण तशीच्या तशी वापरलीत तरी माझी हरकत नाही.

आपला विश्वासू,
एक निवृत्त बँक्वेट कर्मचारी,
गिरगाव, मुंबई