रायगड दाखवणाऱ्या दादांना, ठाण्याहून

दादा, स.न.वि.वि.

फोनवर आभार मानायला गेले तर "त्यात काय एवढं ताई, पुढच्या वेळी पावसात या" म्हणून तुम्ही मोकळे झालात. म्हणून हे उघडं पत्र. तुमचा पुतण्या तुम्हाला वाचून दाखवेलच, पण आमच्या कासारवडवलीच्या सोसायटीने आणि घोडबंदर रोडवरच्या बाकीच्या मंडळींनीही ते वाचावं, अशी इच्छा आहे. तुमचं नाव लिहीत नाही. "वाडीतले आम्ही सगळेच गड दाखवतो, माझ्या एकट्याची जाहिरात नको," असं तुम्हीच बजावलं होतंत.

आभार कशाचे ते आधी सांगते. गड दाखवणारे पुष्कळ भेटतात. आवाज चढवायचा, अंगावर काटा आणायचा, शेवटी घोषणा द्यायला लावायची आणि पैसे घ्यायचे, हेही आम्ही पाहिलंय. तुम्ही दिवसभर एक साधी शिस्त पाळलीत. कुठली गोष्ट कागदात आहे आणि कुठली लोक पिढ्यानपिढ्या सांगत आले, हे दर वेळी वेगळं करून सांगितलंत. समोर बसभर भारावलेली माणसं असताना राजधानीच्या जागेवर उभं राहून हे करणं सोपं नाही. पोटावर पाय येतो. लोकांना चटकदार गोष्ट हवी असते, "याला पुरावा नाही" हे ऐकायला कोणी खिशात हात घालत नाही.

तुमची पहिली चुणूक हिरकणीवाडीत दिसली, रोपवेच्या रांगेत. गाडीवाला पहाटे उशिरा आलेला, पेणच्या पुढे रस्त्यात आणखी वेळ गेलेला, आणि रांग बघून आमच्यातले दोघं-तिघं कुरकुरायला लागले होते. तुम्ही म्हणालात, "मुंबईकडच्या पाहुण्यांनी इथं ताटकळायचं, ही जुनीच रीत आहे." आणि हेन्री ऑक्झिंडेनची हकिगत काढलीत. १६७४ च्या मे महिन्यात ईस्ट इंडिया कंपनीचा हा वकील मुंबईहून चौलमार्गे पाचाडला पोचला, तर महाराज प्रतापगडावर भवानीच्या दर्शनाला गेलेले. बसला बिचारा पायथ्याशी वाट बघत. पुढे गडावर गेला, तहाची बोलणी केली, ६ जूनचा राज्याभिषेक स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला आणि पाहिलेलं लिहून ठेवलं. सिंहासनाच्या दोन्ही अंगांना सोनेरी भाल्यांवर मोठ्या दातांची मत्स्यमुखं, घोड्यांच्या शेपट्या, न्यायाचं चिन्ह म्हणून सोन्याचा तराजू. राजवाड्याच्या दाराशी दोन लहान हत्ती. एवढ्या बिकट वाटेने ते वर आणले तरी कसे, याचं त्याला मोठं नवल वाटलेलं. पाळण्यात बसताना आमच्या सी विंगमधल्या चौथीतल्या पोराने विचारलंच, "तेव्हा हत्तींसाठी रोपवे नव्हता ना?"

मेणा दरवाजातून आत शिरल्यावर तुम्ही आधी सिंहासनाकडे नेलं नाहीत, हे मला फार आवडलं. राणीवशाच्या जोत्यांपाशी थांबवलंत आणि शौचकूप दाखवलेत. पोरं फिदीफिदी हसली. तुम्ही बाटलीतलं उरलेलं पाणी त्या दगडी उतारावर ओतलंत. ते जराही न रेंगाळता भिंतीतल्या भोकातून पलीकडे गेलं. "साडेतीनशे वर्षांपूर्वी डोंगराच्या माथ्यावर, प्रत्येक महालाला वेगळं," एवढंच बोललात. हसणं आपोआप थांबलं. मग मनोऱ्यांपाशी उभं करून खाली गंगासागर दाखवलात आणि सांगितलंत की गडावरच्या इमारतींना लागलेला दगड इथल्याच कातळातून काढला आणि त्या खाणींतच पाणी साठवलं. म्हणजे बांधकामाचा दगड आणि राजधानीचं पाणी, दोन्ही एकाच खोदकामात. दादा, आमच्या सोसायटीच्या मीटिंगमध्ये टँकरच्या बिलावरून जी भांडणं होतात, ती तुम्हाला माहीत नाहीत. तलावाच्या काठावर आमचे सेक्रेटरी बराच वेळ गप्प उभे होते ते उगीच नाही.

राजधानी म्हणजे फक्त सिंहासन नव्हे, हे त्या दिवशी डोक्यात शिरलं. समुद्रसपाटीपासून सुमारे ८२० मीटर उंचीवर माणसं राहायची, त्यांना प्यायला पाणी, खायला धान्य, कागद ठेवायला जागा, सांडपाण्याला वाट लागायची. गड बांधणाऱ्या हिरोजी इंदुलकरांनी हे सगळं आधी योजून ठेवलं आणि त्यावर दरबार उभा केला. तुम्ही दाखवण्याचा क्रमही तसाच ठेवलात.

राजसभेत आमच्या इतिहासाच्या सरांनी तुम्हाला गाठलं. निवृत्त झाले तरी परीक्षा घ्यायची खोड गेलेली नाही. "बत्तीस मण सोन्याचं सिंहासन म्हणता, आधार काय?" तुम्ही न चिडता सांगितलंत, की हा आकडा सभासदाच्या बखरीतला. बखर लिहिली राजाराम महाराजांच्या वेळी, तिकडे तमिळ मुलखातल्या जिंजीच्या किल्ल्यात. लिहिणारा महाराजांच्या पदरी असलेला माणूस, म्हणून तिला किंमत आहे. पण लिहिलं आहे ते महाराज गेल्यावर, हेही लक्षात ठेवायचं. "आणि त्या सिंहासनाचं पुढं काय झालं, याचं दहा जण दहा तऱ्हांनी सांगतात. त्यातलं मी एकही सांगणार नाही." सरांनी चष्मा काढून पुसला. आम्ही त्यांना ओळखतो. त्यांच्याकडून एवढं म्हणजे पैकीच्या पैकी.

ती जागा सुमारे २२० फूट लांब आणि १२४ फूट रुंद. आम्हाला सिंहासनाच्या बाजूला उभं करून तुम्ही एकटे नगारखान्याच्या दारापाशी गेलात, आणि आम्हाला काही न सांगता वहीचं पान फाडलंत. आमच्या सासूबाईंना घरात कुकरच्या शिट्ट्या ऐकू येत नाहीत. त्यांनी मला कोपराने ढोसलं, "काय फाडलं गं त्याने?" ध्वनीची ती करामत मी ऐकून होते. कानांनी अनुभवली ती सासूबाईंच्या मध्यस्थीने.

बाजारपेठेतही तेच. समोरासमोरच्या दोन लांब रांगा, एकेका रांगेत बावीस गाळे, उंच जोती. घोड्यावर बसून खरेदी करता यावी म्हणून जोती उंच ठेवली, हे आम्ही सगळे लहानपणापासून ऐकलेलं. तुम्ही ते सांगितलंत, आणि लगेच हेही, की ही दुकानंच होती का यावर अभ्यासकांचं एकमत नाही, कोणी कोठारं म्हणतं, कोणी आणखी काही. "तुम्ही मोजा, बघा, आणि ठरवा." पोरं खरोखरच गाळे मोजत पळत सुटली.

हिरकणीच्या वेळी मात्र तुमची कसोटी लागली. कोजागिरीची रात्र, बंद झालेले दरवाजे, घरी तान्हं बाळ आणि कडा उतरून गेलेली गवळण. तुम्ही गोष्ट जीव ओतून सांगितलीत, काही काटछाट केली नाहीत. आणि शेवटी म्हणालात, याला त्या काळचा कागद मिळालेला नाही. चौथीतला पोरगा हिरमुसला, "मग खोटं?" तुम्ही त्याच्याशेजारी उकिडवे बसलात. "खोटं कोण म्हणतं? माझी आजी सांगायची, तिची आजी सांगायची. बुरूज समोर दिसतोय. पण कोणी लिहून ठेवलेलं नाही, हे आपल्याला ठाऊक पाहिजे. तू मोठा झालास की शोध." पोराने मान हलवली. त्याच्या आईला रडू आलं, ते का हे मी विचारलं नाही.

आता सासूबाईंचं. ७४ वर्षांच्या, मधुमेही, आणि हट्टी. बाजारपेठेच्या टोकाशी त्यांना घेरी आली आणि त्या मटकन जोत्यावर बसल्या. आम्ही सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघतोय तोवर तुमच्या पिशवीतून गुळाचा खडा बाहेर आलासुद्धा. एका पोराला तुम्ही ताक आणायला पिटाळलंत, सावली धरून उभे राहिलात, आणि त्या सावरल्यावर गडावरच्या तुमच्या नात्यातल्या वहिनींच्या झोपडीत नेऊन टेकवलंत. वहिनींनी उशाला घोंगडी दिली आणि पाय चेपले. त्यांनी पैसे घेतले नाहीत. हट्ट केला तेव्हा म्हणाल्या, "ताकाचे द्या, पायांचे नको."

सासूबाईंची गडावर यायची एकच इच्छा होती: समाधीवर डोकं टेकवायचं. आम्ही मनातल्या मनात त्यावर पाणी सोडलं होतं. बाकीच्यांना जगदीश्वराचं देऊळ आणि समाधी दाखवून तुम्ही परत आणलंत, आम्ही पिठलं-भाकरीवर तुटून पडलो, आणि तुम्ही मात्र न जेवता सासूबाईंना आणि आमच्या ह्यांना घेऊन पुन्हा तेवढंच अंतर चाललात. त्यांच्या चालीने, दर दहा पावलांवर थांबत. जगदीश्वराच्या पायरीवरची "सेवेचे ठायी तत्पर हिरोजी इंदुलकर" ही अक्षरं तुम्ही त्यांना बोट ठेवून वाचायला लावलीत. सातवी शिकलेल्या माझ्या सासूबाई घरी येऊन सर्वांना सांगतात, "रायगडावरचा शिलालेख मी स्वतः वाचला." हिरोजींनी नाव पायरीवर का कोरून घेतलं त्याची गोष्टही त्या सांगतात, आणि शेवटी तुमच्याच आवाजात जोडतात, "अक्षरं खरी, गोष्ट लोकांची."

३ एप्रिल १६८० ला महाराजांनी याच गडावर देह ठेवला. १६८९ मध्ये गड मोगलांकडे गेला, येसूबाई आणि बाळ शाहूराजे कैद झाले. १८१८ च्या मे महिन्यात इंग्रजांनी समोरच्या डोंगरावरून तोफगोळे टाकले आणि गड जळाला. हे तुम्ही चार वाक्यांत आटोपलंत, आणि समाधीपाशी मात्र बराच वेळ दिलात. १८६९ साली जोतीराव फुल्यांनी इथली झाडंझुडपं बाजूला करून समाधी शोधली, पुढे १८९६ ला टिळकांच्या पुढाकाराने गडावर उत्सव झाला. दोन्ही नावं तुम्ही एका दमात, सारख्याच आदराने घेतलीत. आजकाल हे फार ऐकायला मिळत नाही.

उतरताना तुम्ही आमच्या पोरांना उलटा प्रश्न टाकलात. "ठाण्याचा किल्ला कुठं आहे रे?" बसमधल्या मोठ्यांनीही खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली. सरांनी सांगितलं, आपलं मध्यवर्ती कारागृह म्हणजेच तो किल्ला. पोर्तुगीजांनी बांधायला घेतला आणि १७३७ मध्ये मराठ्यांनी जिंकला. रोज बाजूने जाणारी आमची पोरं तुमच्या पाचाडच्या रस्त्यावर हे शिकली.

पाचाडला गाडी थांबवायचा आग्रहही तुमचाच. ड्रायव्हर तयार नव्हता, अंधार पडेल म्हणत होता. तुम्ही जिजाऊंच्या समाधीपाशी फक्त दोन तारखा सांगितल्यात: ६ जून १६७४ ला वर अभिषेक झाला, १७ जूनला खाली जिजाऊ गेल्या. त्यावर भाषण केलं नाहीत, याबद्दलही आभार.

आता थोडं आमच्या लोकांसाठी. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोच्या यादीत मराठ्यांचे १२ किल्ले आले, रायगड त्यातला एक आणि सभासदाची ती जिंजीही. गर्दी वाढणारच. जाल तेव्हा वाडीतला माणूस बरोबर घ्या आणि सांगेल तो दर घासाघीस न करता द्या. चहापाण्यावर ज्या हॉटेलात आपण हजार रुपये सहज ठेवतो, तिथे कोणी हिरोजीचं नाव वाचून दाखवत नाही. प्लॅस्टिकच्या बाटल्या परत आणा. त्या दिवशी दादा आमच्यामागून वाकून वाकून दुसऱ्यांच्या बाटल्या उचलत होते.

दादा, ऑक्झिंडेनचं लिखाण तुम्ही तुकड्यातुकड्यांत ऐकलंय, मुळातून कधी वाचायला मिळालं नाही, असं बोलता बोलता म्हणाला होतात. सरांनी ते शोधून काढलंय आणि रात्री बसून मराठीत उतरवायला घेतलंय. हस्ताक्षर भयंकर आहे, पण सी विंगमधली मुलगी टाइप करून देणार आहे. ऐरोलीहून माझ्या धाकट्या बहिणीचा भजनी मंडळाचा चमू महिनाअखेर येतोय, त्यांच्याबरोबर पाठवते. त्यांच्यातल्या दोघींचे गुडघे नाजूक आहेत, तेवढं सांभाळा. वहिनींसाठी सासूबाईंनी मेतकूट दिलंय. ते ताकाच्या हिशेबात धरू नका, असा त्यांचा निरोप आहे.

कळावे, लोभ असावा.

तुमची,
कासारवडवलीच्या ताई