महाजनांचं नाव राहून गेलं

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला समांतर सिनेमावरचा लेख वाचला. दिग्दर्शक मृणाल सेन आले, मणि कौल आले, बासू चटर्जी आले. 'भुवन शोम', 'उसकी रोटी', 'सारा आकाश' ही नावंही आली. तिन्ही चित्रपट १९६९-७०च्या आसपासचे आणि तिन्हींचा कॅमेरामन एकच, के. के. महाजन. पानभर लेखात त्यांचं नाव मात्र एकदाही नाही.

माझा नागपूरच्या महाल भागात पस्तीस वर्षं फोटो स्टुडिओ होता, म्हणून मला हे जरा जास्तच लागलं असेल. लग्नाच्या अल्बमवर आमचा शिक्काही मागच्या पुठ्ठ्यावरच असायचा.

महाजन १९६६ साली पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडले. 'भुवन शोम'मध्ये त्यांचा कॅमेरा सौराष्ट्राच्या वाळूत मोकळा हिंडतो. 'उसकी रोटी'त बाई रस्त्याच्या कडेला नवऱ्याच्या बसची वाट बघत उभी राहते, आणि तिच्याबरोबर कॅमेराही उभा राहतो. हा चित्रपट २८ आणि १३५ मिलिमीटरच्या दोनच लेन्सवर बेतलेला. २८ची लेन्स रुंद दाखवते, १३५ची लांबचं जवळ आणते. पहिली तिच्या रोजच्या जगण्यासाठी, दुसरी तिच्या मनातल्या जगासाठी.

इथल्या एका फिल्म सोसायटीत तो पाहिल्यावर मला राहवलं नाही. बायकोला काटोल रोडच्या बसथांब्यावर उभं केलं. भर मे महिना, दुपारचे बारा, पांढरं लुगडं निगेटिव्हमध्ये जळणार, म्हणजे फोटोत नुसता पांढरा डाग उरणार, हे ठरलेलंच. २८ने काढलं तर ती, निंबाचं झाड, मागची टपरी सगळं आपापल्या जागी, लख्ख. मग १३५ लावून रस्ता ओलांडून मागे गेलो. झाड पुसट झालं, टपरी विरघळली आणि लांबून येणारी बस तिच्या खांद्याला येऊन टेकली. (सिनेमाची फ्रेम आमच्या फोटोच्या फ्रेमपेक्षा लहान, त्यामुळे त्यांची २८ आमच्या २८इतकी रुंद दिसत नाही. हे मला मागाहून कळलं.) ते दोन्ही प्रिंट अजून कपाटात आहेत.

महाजनांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: 'सारा आकाश', 'उसकी रोटी', 'माया दर्पण' आणि 'कोरस'. यातला 'माया दर्पण' रंगीत, बाकीचे कृष्णधवल. म्हणजे ते एकाच युक्तीवर जगणारे नव्हते. दिग्दर्शक बदलला की त्यांचा प्रकाश बदलायचा, आणि माझ्या मते हीच त्यांची शैली. २००७ साली ते गेले.

'रजनीगंधा'ही त्यांचाच. माझ्या बायकोने तो चारदा पाहिलाय. परवा सांगितलं तर म्हणाली, "मग इतके दिवस काहून नाही सांगितलं?" काय सांगणार, पेपरात कधी छापूनच आलं नाही!

आपल्या शुक्रवारच्या परीक्षणाच्या चौकटीत निर्माता, दिग्दर्शक, संगीत असतं, वर पाच तारेही असतात. त्यात छायालेखनाची एक ओळ घालावी, ही विनंती. जागा कमी पडत असेल तर एक तारा काढा.

आपला,
एक निवृत्त फोटोवाला
महाल, नागपूर