पटकथा आधी मागू नका

माननीय माहिती आणि प्रसारण मंत्री, भारत सरकार,
सविनय नमस्कार.

मी प्रायोगिक माहितीपट करते. विषय फिरूनफिरून एकच: माणसाला स्वतःविषयी काय आठवतं आणि त्यावरून तो स्वतःला कोण समजतो. अशाच एका कामासाठी अनुदानाचा अर्ज भरायला घेतला, तर पहिल्याच पानावर पूर्ण पटकथा हवी होती. ती कुठून आणायची? तोच प्रसंग माणूस दुसऱ्या भेटीत वेगळाच सांगतो, तिथून तर माझा माहितीपट सुरू होतो. त्याची रचना संकलनाच्या टेबलावर सापडते. आधी लिहून द्यायची म्हणजे समोरचा काय आठवणार हे मीच ठरवून टाकायचं. मग त्याला विचारायला जायचं तरी कशाला?

सरकारला हे नवं नाही. १९४८ साली सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजन या सरकारच्या माहितीपट विभागात साठच्या दशकात ज्याँ भावनगरी सल्लागार होते, तेव्हा प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री अशा दिग्दर्शकांना प्रयोगाची मोकळीक मिळाली. शास्त्रींनी १९६७ मध्ये, स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या तरुणांना बोलतं करून ‘आय ॲम ट्वेंटी’ केला. त्यात देशाविषयी कडवट बोलणारी मुलंही आहेत आणि पैसा सरकारचाच होता. आज इतकं धाडस कोण करेल, असं मनात येतं, असो.

म्हणून पहिली विनंती: आपल्या अखत्यारीत जिथे माहितीपटाला पैसे दिले जातात, तिथे पटकथेऐवजी आधीचं काम आणि चित्रित केलेली काही मिनिटं पाहून निर्णय घेण्याचीही सोय ठेवा. हिशेब हवा तितका कडक मागा.

दुसरी विनंती घरगुती फितींची. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने १९६४ पासून सिनेमा जपला. पण सुपर एट, व्हीएचएस, मिनी डीव्ही अशा जुन्या प्रकारच्या फितींवरची लोकांची खासगी चित्रणं घराघरांत माळ्यावर पडून आहेत. लग्नाच्या कॅसेटमध्ये मी वधूवरांना फारशी पाहत नाही. मागे पंगतीत वाढणारी, कॅमेरा आला की पदर सावरून बाजूला होणारी बाई पाहते. तिचं दुसरं चित्रण बहुधा कुठेच नसतं. चुंबकीय फितीचा थर दमट हवेत खराब होतो, बुरशी धरते. फीत टिकली तरी ती चालवायला यंत्र हवं, आणि व्हीसीआर बनवणाऱ्यांपैकी शेवटी उरलेल्या फुनाई या जपानी कंपनीनेही ते बनवणं २०१६ मध्येच थांबवलं.

फिल्म्स डिव्हिजन आणि हे संग्रहालय २०२२ पासून एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, एकाच छत्राखाली आहेत. तिथेच या फितींचं डिजिटायझेशन करा. मूळ फीत कुटुंबाला परत द्या, वापरासाठी त्यांची लेखी संमती घ्या, पुढे नको वाटलं तर ती मागे घेण्याचा हक्कही ठेवा.

पहिल्या विनंतीसाठी अर्जाचा नमुना बदलला तरी पुष्कळ. दुसरीला पैसा आणि माणसं लागतील. त्याची तरतूद कधी करणार, एवढं कळवावं.

आपली,
एक माहितीपट-दिग्दर्शक