जबाबदार ट्रेकिंगला वेगळा न्याय हवा

‘आयबेक्स एक्स्पिडिशन्स’चे संस्थापक मनदीप सिंग सोइन यांच्यावरील लेख (रविवार पुरवणी) वाचला. 1979 पासून साहसी पर्यटनात असलेल्या या गिर्यारोहकाची वाट इतरांनीही धरली, तर हिमालय वाचेल, हा लेखातील सूर मात्र पटला नाही. उद्योजकाची सचोटी तेवढी पुरत नाही. उत्तराखंडातील रूपकुंड या उंचावरच्या सरोवराच्या ट्रेकचेच पाहा. उत्तराखंड उच्च न्यायालयाने ऑगस्ट 2018 मध्ये बुग्यालांत, म्हणजे उंचावरच्या कुरणांत, रात्रीच्या मुक्कामावर बंदी घातली आणि पर्यटकांची संख्या 200 पर्यंत सीमित केली. संख्येची मर्यादा योग्यच. पण वाटेतल्या बेदनी बुग्यालात मुक्काम केल्याशिवाय रूपकुंड गाठणे सामान्य ट्रेकरला जवळपास अशक्य. त्यामुळे आपला कचरा खाली आणणारे आणि प्लास्टिक तिथेच टाकून येणारे, दोघांनाही एकच शिक्षा झाली. वाण, लोहाजंग या पायथ्याच्या गावांतील वाटाडे व खेचरवाले यांची कमाई गेली ती वेगळीच. पुण्या-मुंबईहून दरवर्षी हिमालयात जाणाऱ्या आम्हा ट्रेकरनाही त्याची फारशी खंत वाटल्याचे दिसले नाही. सरसकट बंदीऐवजी गटाचा आकार, तंबूंची संख्या आणि परत आणलेला कचरा तपासून परवाना द्यावा. नियम मोडणाऱ्याचा तो रद्द करावा.

– एक वाचक, पुणे