चौदा संघांचा एक पिचर

नेपरव्हिल, शिकागोजवळ
१० ऑगस्ट २०२५

प्रिय सुधीर,
सप्रेम नमस्कार.

तुझे जूनअखेरचे पत्र पोहोचले. यंदाही नव्या कॉलेजात मुलाखत द्यावी लागली आणि नेमणूक पुन्हा तासिका तत्त्वावरच झाली, हे वाचून वाईट वाटले. पण त्याहून जास्त मनाला लागले ते त्या पत्रातले एक वाक्य. ‘सोळा वर्षांत अकरा कॉलेजे झाली, म्हणजे अकरा ठिकाणी मी नकोसा झालो,’ असे तू लिहिले आहेस. याचे उत्तर फोनवर नीट देता आले नसते, म्हणून सवडीने लिहायला बसलो आहे. हे उत्तर मी एका बेसबॉल खेळाडूच्या कारकिर्दीतून देणार आहे. तू मॅटिंगच्या विकेटवर उन्हातान्हात गोलंदाजी केलेला माणूस आहेस. चेंडू टाकणाऱ्याचे सुखदुःख तुला वेगळे समजावून सांगायला नको.

त्याचे नाव एडविन जॅक्सन. तो पिचर, म्हणजे बेसबॉलमधला गोलंदाज. सर्वोच्च पातळीवरच्या मेजर लीगमध्ये तो २००३ ते २०१९ असे सलग सतरा हंगाम खेळला आणि चौदा वेगवेगळ्या संघांकडून खेळला. लॉस एंजेलिस, टँपा बे, डेट्रॉइट, ॲरिझोना, शिकागोचे व्हाइट सॉक्स, सेंट लुइस, वॉशिंग्टन, पुन्हा शिकागोच पण आता कब्ज, मग अटलांटा, मायामी, सॅन डिएगो, बाल्टिमोर, ओकलंड आणि शेवटी टोरांटो. त्याच्याआधी इतके संघ कोणाच्याच वाट्याला आले नव्हते. अशा खेळाडूला इथे ‘जर्नीमन’ म्हणतात. हा शब्द मुळात कारागिरांचा आहे. काम शिकून तयार झालेला, पण स्वतःचे दुकान नसलेला आणि म्हणून दुसऱ्याच्या दुकानात रोजावर काम करणारा तो जर्नीमन. ‘जर्नी’ म्हणजे इथे प्रवास नव्हे, तर एका दिवसाचे काम. आज हा शब्द कानावर पडतो तो किंचित कीव केल्यासारखा, पण त्याच्या मुळाशी ‘काम येणारा माणूस’ हाच अर्थ आहे, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

जॅक्सनचे वडील अमेरिकन सैन्यात होते आणि त्याचा जन्म १९८३ साली तेव्हाच्या पश्चिम जर्मनीतल्या नॉय-उल्म गावी झाला. बिऱ्हाड हलवणे त्याच्या नशिबात पाळण्यापासूनच होते. ९ सप्टेंबर २००३ रोजी, स्वतःच्या विसाव्या वाढदिवशी, त्याने मेजर लीगमध्ये पदार्पण केले आणि समोरचा पिचर होता रँडी जॉन्सन, त्या पिढीतला सर्वांत धाक असलेला डावखुरा. तो सामना पोराने जिंकला. त्या रात्री कोणालाही वाटले असते की हा पंधरा वर्षे एकाच संघाचा खांब होऊन राहणार. तसे झाले नाही. पुढची दोन वर्षे चेंडूवर ताबा राहिला नाही आणि २००६ च्या जानेवारीत त्याला टँपा बेकडे ट्रेड करण्यात आले, म्हणजे दुसऱ्या खेळाडूंच्या बदल्यात देऊन टाकण्यात आले.

इथे तुला पिचरच्या कामाची थोडी कल्पना द्यायला हवी. मातीच्या उंचवट्यावरून, साडेसाठ फुटांवरच्या बॅटरकडे तो चेंडू टाकतो. तिघे बाद होईपर्यंत त्याचीच गोलंदाजी चालते, सहा चेंडूंनंतर दुसऱ्याच्या हाती चेंडू देण्याची सोय नसते, आणि एकदा मॅनेजरने बाहेर काढले की त्या सामन्यात परत येता येत नाही. चार चेंडू लक्ष्याबाहेर गेले की बॅटर फुकटात पहिल्या बेसवर, म्हणजे धाव पुरी करण्याच्या वाटेवरच्या पहिल्या थांब्यावर जातो; त्याला वॉक म्हणतात. सामना नऊ डावांचा असतो, आणि पिचरची किंमत दर नऊ डावांमागे त्याने सरासरी किती धावा दिल्या यावर ठरते. चारच्या आत असेल तर उत्तम, पाचच्या पुढे गेली की नोकरी धोक्यात.

आता २५ जून २०१० चा सामना सांगतो, कारण त्यात हा माणूस पुरता दिसतो. जॅक्सन तेव्हा ॲरिझोनाकडे होता आणि सामना होता त्याच्या जुन्या टँपा बे संघाविरुद्ध, त्यांच्याच मैदानावर, जिथे त्याने तीन हंगाम काढले होते. सुरुवातच विस्कटलेली होती. पहिल्या तीन डावांत त्याने सात जणांना वॉक दिले. तिसऱ्या डावात एकही बाद नसताना तिन्ही बेस भरले; म्हणजे आता एक साधा फटका बसला तरी धावा येणार, आणि पुढचा वॉकही धाव देऊनच जाणार. अशा वेळी मैदानाच्या कडेला दुसरा पिचर हात मोकळा करू लागतो, आणि मधल्या माणसाला ते दिसत असते. जॅक्सनने त्या डावात एकही धाव दिली नाही. त्यानंतर हळूहळू चेंडू जागेवर पडू लागला. नववा डाव संपला तेव्हा फलकावर ॲरिझोनाची एक धाव, टँपा बेची शून्य आणि टँपा बेचे हिटही, म्हणजे बेस मिळवून देणारे फटकेही, शून्य होते. याला नो-हिटर म्हणतात. भल्याभल्या पिचरांना तो अख्ख्या कारकिर्दीत साधत नाही. आठ वॉक आणि १४९ चेंडू! आजकाल शंभरच्या आसपास पिचरला विश्रांती देतात, म्हणजे ही जवळजवळ दीडपट मजुरी झाली. मॅनेजर ए. जे. हिंच याने त्याला काढले नाही, याबद्दल मला त्या मॅनेजरविषयी कायमचा आदर आहे. आठवडा उलटायच्या आत हिंचची नोकरी गेली. आणि जॅक्सन? पाच आठवड्यांनी, ३० जुलैला, ॲरिझोनाने त्याला व्हाइट सॉक्सना देऊन टाकले.

सुधीर, इतिहासात नाव जाईल असे काम केल्यानंतर पाच आठवड्यांत ज्याला हलवले जाते, तो नकोसा झाला असे म्हणता येईल का? ॲरिझोना त्या वर्षी तळाला होते, त्यांना तरुण आणि स्वस्त पिचर हवे होते. शिकागोला त्याच हंगामात जिंकायचे होते आणि त्यासाठी तयार माणूस हवा होता. दोन्ही हिशेब त्यांचे होते. जॅक्सनच्या चेंडूत त्या पाच आठवड्यांत काहीही बिघडले नव्हते.

पुढच्या वर्षी तर त्याच्या बाबतीत अजबच घडले. २७ जुलै २०११ रोजी व्हाइट सॉक्सनी त्याला टोरांटोला दिले आणि टोरांटोने त्याच दिवशी सेंट लुइसला पाठवले. काही तास तो कागदोपत्री टोरांटोचा होता, पण एकही चेंडू न टाकल्यामुळे तो संघ मोजणीत धरला गेला नाही. त्याच सौद्यात टोरांटोहून सेंट लुइसला गेलेला आणखी एक पिचर होता ऑक्टाव्हियो डोटेल, आणि तेरा संघांचा विक्रम पुढे ज्याच्या नावावर झाला तो हाच. जुना आणि नवा, दोन्ही विक्रमवीर एकाच सौद्यात हलवले गेले! त्या ऑक्टोबरात सेंट लुइसने वर्ल्ड सिरीज, म्हणजे मेजर लीगच्या विजेतेपदाची अंतिम मालिका, जिंकली. चौथा सामना जॅक्सनने सुरू केला होता, म्हणजे पहिल्या डावापासून संघाचा पिचर तोच होता, आणि तो हरला, पण विजेतेपदाची अंगठी इतरांसारखीच त्यालाही मिळाली.

इथल्या एका नियमाचाही विचार करून पाहा. मेजर लीगमध्ये दहा वर्षे काढलेल्या आणि त्यातली शेवटची सलग पाच एकाच संघात काढलेल्या खेळाडूला त्याच्या संमतीशिवाय ट्रेड करता येत नाही. नियम चांगला आहे, पण तो स्थिर झालेल्यालाच आणखी स्थिर करतो. ज्याला दर दोन वर्षांनी उचलले जाते त्याची पाच वर्षे कधी भरतच नाहीत, आणि पाच भरत नाहीत म्हणून तो पुन्हा उचलला जातो. तुझ्या नोकरीत खंड पाडून सेवा मोजायची जी पद्धत आहे, तिची आठवण झाल्याशिवाय मला हा नियम वाचता येत नाही.

मी त्याला प्रत्यक्ष पाहिले ते २०१३ साली रिग्ली फील्डवर, कब्जच्या मैदानावर. कब्जनी त्याच्याशी चार वर्षांचा ५ कोटी २० लाख डॉलरचा करार केला होता आणि पहिल्याच हंगामात त्याच्या नावावर आठ विजय आणि अठरा पराभव लागले; नॅशनल लीगमध्ये, म्हणजे मेजर लीगच्या दोन भागांपैकी त्याच्या भागात, त्या वर्षी इतके पराभव दुसऱ्या कोणाच्या नावावर लागले नाहीत. पुढचे वर्ष त्याहून वाईट गेले, सरासरी सहाच्या वर गेली. तिसऱ्या वर्षी कराराचे पैसे द्यायचे बाकी असतानाही त्यांनी त्याला मोकळे केले. या काळाची सारवासारव मी करणार नाही. तो खरोखरच वाईट टाकत होता आणि प्रेक्षक ते त्याला ऐकवत होते. त्याच्या नावावर शेवटी १०७ विजय आणि १३३ पराभव लागले, सरासरी ४.७८. थोर पिचर तो नव्हता.

तरीसुद्धा मला विचारशील तर त्याच्या कारकिर्दीतले सर्वांत मोठे काम नो-हिटर नाही, अंगठीही नाही. ते २०१८ चे आहे. त्या वर्षी त्याला मेजर लीगचा करार कोणी दिला नाही. वॉशिंग्टनने खालच्या, मायनर लीगच्या करारावर घेतले, तिथूनही तो बाहेर पडला, आणि जूनमध्ये ओकलंडने पुन्हा तसाच करार देऊ केला. जॅक्सनचे वय तेव्हा चौतीस. ज्याने कोट्यवधी डॉलर कमावले आहेत, ज्याच्याकडे अंगठी आहे, त्याने घरी बसावे अशीच सगळ्यांची अपेक्षा असते. तो मायनर लीगमध्ये गेला, आपल्यापेक्षा दहा-बारा वर्षांनी लहान पोरांबरोबर खेळला, आणि २५ जून २०१८ रोजी, नो-हिटरला बरोबर आठ वर्षे झाली त्या दिवशी, डेट्रॉइटच्या मैदानावर ओकलंडच्या टोपीत उभा राहिला. तो त्याचा तेरावा संघ. त्या हंगामात त्याने सतरा सामने सुरू केले, सरासरी ३.३३ राखली आणि ओकलंडने ९७ सामने जिंकले. नव्या संघात बॅटरमागे बसून चेंडू झेलणारा कॅचर नवा, त्याच्या बोटांच्या खुणा नव्या, पाठीमागचे क्षेत्ररक्षक अनोळखी. आणि तरी पहिल्या दिवसापासून कामाला लागायचे. नो-हिटर एका रात्रीचा होता. हे काम त्याने तीन महिने दर पाच-सहा दिवसांनी केले.

टोरांटोचे राहिलेले खातेही मग पूर्ण झाले. १५ मे २०१९ रोजी सॅन फ्रान्सिस्कोमध्ये त्याने त्यांच्यासाठी पहिला चेंडू टाकला आणि आठ वर्षांपूर्वी जो संघ मोजला गेला नव्हता तोच चौदावा ठरला. तो हंगाम मात्र चालला नाही. मेजर लीग तिथेच संपली, पण २०२१ मध्ये टोकियो ऑलिंपिकला अमेरिकेने बेसबॉलचा संघ पाठवला तेव्हा त्यात सदतिसाव्या वर्षी जॅक्सन होता, आणि रौप्यपदक घेऊन परतला.

एक ताजी बातमी. गेल्या महिन्यात, २२ जुलैला, रिच हिल नावाचा पंचेचाळीस वर्षांचा डावखुरा पिचर कॅन्सस सिटीकडून रिग्ली फील्डवर उतरला आणि त्याचेही चौदा संघ झाले. वीस वर्षांपूर्वी त्याने सुरुवात केली होती ती याच मैदानावरच्या कब्जकडून. दोन सामन्यांनंतर कॅन्सस सिटीने त्याला यादीतून काढले. मधल्या काळात, २०१५ साली, तो कुठल्याच मोठ्या संघाशी न जोडलेल्या लीगमध्ये लाँग आयलंडच्या एका संघाकडून टाकत होता, आणि त्यानंतर दीड वर्षात लॉस एंजेलिसने त्याला तीन वर्षांचे ४ कोटी ८० लाख डॉलर दिले. त्याच्यावर एक स्वतंत्र पत्र लिहावे लागेल.

सोबत २०१३ चे माझे स्कोअरकार्ड पाठवतो आहे. इथे अजूनही काही लोक मैदानात बसून पेन्सिलीने हिशेब ठेवतात, मीही ठेवतो. ‘के’ म्हणजे बॅटर तीन स्ट्राइक होऊन, म्हणजे तीन चांगले चेंडू हुकवून किंवा सोडून, बाद. तेच अक्षर आरशातल्यासारखे उलटे काढले असेल तर तो बॅट न हलवता, चेंडूकडे नुसता पाहत बाद झाला असे समज. त्या दिवशी जॅक्सन हरला. तरी उलटे ‘के’ कुठे कुठे आहेत ते शोधून पाहा. त्या प्रत्येक वेळी त्याने टाकलेला चेंडू समोरच्याला कळलाच नव्हता.

आणि तुझ्या अकरा कॉलेजांची नावे क्रमाने लिहून पाठव. कोणत्या वर्षी, कोणत्या वर्गाला, काय शिकवलेस तेही लिही. मला ती यादी जॅक्सनच्या यादीसारखीच, पहिल्यापासून शेवटपर्यंत, वाचायची आहे.

वहिनींना नमस्कार, चि. मुक्ताला आशीर्वाद.

तुझा,
अविनाश