जामिनाचा आदेश फिरला, पण कशामुळे?

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

खून, दहशतवाद किंवा मोठ्या आर्थिक गैरव्यवहाराच्या प्रकरणात वरच्या न्यायालयाने जामिनावर निर्णय दिला की लोक लगेच निकाल लावून मोकळे होतात. मिळाला तर ‘सुटला’, नाकारला तर ‘दोषी होताच’. दोन्ही समजुती चुकीच्या आहेत, आणि बातम्यांत निर्णयामागचे कारण येत नाही म्हणून त्या टिकून आहेत.

वरचे न्यायालय आरोपीचा गुन्हा ठरवायला बसलेले नसते. आरोपाचे गांभीर्य, सकृद्दर्शनी पुरावा, आरोपी पळून जाण्याची किंवा साक्षीदारांवर दबाव आणण्याची शक्यता, यांचा विचार खालच्या न्यायालयाने केला होता का आणि तो आदेशात दिसतो का, एवढे ते पाहते. सर्वोच्च न्यायालयाने प्रशांत कुमार सरकार प्रकरणात २०१० मध्येच हे निकष स्पष्ट केले आहेत. आदेश कारणांशिवाय असून चालत नाही. पण पुराव्याची सविस्तर चिरफाडही त्यात नको, कारण तिचे सावट पुढे खटल्यावर पडते. न्यायाधीशांचे हे काम सोपे नाही, हे मान्य करायला हवे.

मिळालेला जामीन दोन अगदी वेगळ्या कारणांनी जाऊ शकतो. आरोपीने बाहेर येऊन साक्षीदाराला धमकावले किंवा अटी मोडल्या, तर प्रश्न त्याच्या नंतरच्या वागणुकीचा असतो. पण बाहेर तो नीट वागला असला, तरी जामीन देतानाच महत्त्वाची सामग्री डावलली गेली असेल, तर मूळ आदेशच टिकत नाही. पूरन विरुद्ध रामबिलास प्रकरणात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा फरक स्पष्ट केला. तरीही आपल्याकडे दोन्ही बातम्या ‘जामीन रद्द’ याच मथळ्याखाली येतात आणि आरोपीने बाहेर जाऊन काहीतरी केले असावे असा वाचकाचा समज होतो.

लखीमपूर खेरी प्रकरणात तसे नव्हते. शेतकऱ्यांच्या अंगावर गाडी घातल्याच्या आरोपाखाली अटकेत असलेल्या मुख्य आरोपीला अलाहाबाद उच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये जामीन दिला. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिलमध्ये तो आदेश बाजूला सारून अर्ज नव्याने ऐकायला परत पाठवला. पीडित कुटुंबांना म्हणणे मांडण्याची पुरेशी संधी मिळाली नव्हती आणि उच्च न्यायालयाने त्या टप्प्यावर गैरलागू बाबींना महत्त्व दिले होते, हा त्यातला आक्षेप होता. त्या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात राज्य सरकार नव्हे, मृतांचे नातेवाईक गेले होते! पीडितांचा आवाज जामिनाच्या टप्प्यावरही ऐकला पाहिजे, हे त्या निकालाने ठामपणे सांगितले. मला तो निकाल योग्य वाटतो.

पण याच प्रक्रियेची दुसरी बाजू मनाला फार बोचते. साध्या फौजदारी प्रकरणात सत्र न्यायालयाने जामीन नाकारला तर उच्च न्यायालयात नवा अर्ज करता येतो. एनआयएच्या (राष्ट्रीय तपास यंत्रणेच्या) प्रकरणांत मात्र अपीलच करावे लागते, तेही दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे. ते शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावे, असे एनआयए कायद्याचे कलम २१ सांगते. त्यात यूएपीएच्या (बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायद्याच्या) कलम ४३ड(५) नुसार आरोप सकृद्दर्शनी खरा वाटला तर जामीन देता येत नाही. म्हणजे दरवाजा अरुंद आणि त्यापुढे रांग. आदिवासींसाठी काम करणारे धर्मगुरू फादर स्टॅन स्वामी यांना एल्गार परिषद प्रकरणात यूएपीएखाली ऑक्टोबर २०२० मध्ये अटक झाली. मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना खासगी रुग्णालयात हलवण्याची परवानगी दिली होती, पण जामिनाचा निर्णय होण्याआधीच ५ जुलै २०२१ रोजी ८४ व्या वर्षी त्यांचा मृत्यू झाला. आरोप खरे की खोटे, हे त्यांच्या बाबतीत आता कधीच ठरणार नाही.

यूएपीएखालीलच के. ए. नजीब प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या २०२१ च्या निकालाचे महत्त्व मला म्हणूनच वाटते. केरळ उच्च न्यायालयाने दिलेल्या जामिनाविरुद्ध केंद्र सरकार अपिलात गेले होते. आरोपी पाच वर्षांहून अधिक काळ तुरुंगात होता आणि २७६ साक्षीदार तपासायचे बाकी होते. खटला वाजवी काळात संपण्याची चिन्हे नसतील, तर कडक कायद्यातही घटनात्मक न्यायालये (उच्च आणि सर्वोच्च न्यायालये) जामीन देऊ शकतात, असे सांगत सर्वोच्च न्यायालयाने हस्तक्षेप नाकारला.

आपल्या वृत्तपत्राला माझी विनंती आहे. जामिनाची बातमी देताना निर्णयाचा आधार काय होता, वागणूक, मूळ आदेशातली चूक की रखडलेला खटला, हे एका वाक्यात तरी छापावे. आणि तीन महिन्यांची मुदत किती अपिलांत पाळली जाते, याची माहिती उच्च न्यायालयांनी नियमितपणे जाहीर करावी, यासाठी आपण पाठपुरावा करावा.

आपला,
एक नियमित वाचक